आपसात मिटवू नका
रस्त्यावरील अपघात आणि जखमींची नुकसानभरपाई

(शेतकी खात्याकडून)



या पत्रिकेतून मी आजवर आपणाशी बेणे, खते, पाणी आणि खोडव्याची निगा यांविषयी बोलत आलो. माझे कामच ते. कायद्याचे शिक्षण मला नाही. शेतकी पदविका घेऊन कारखान्याच्या नोकरीत आलो आणि बांधाबांधाने हिंडण्यात वीस वर्षे गेली. तरीही यंदा हंगामाच्या तोंडावर उसाचा विषय बाजूला ठेवून रस्त्यावरच्या अपघाताविषयी लिहितो आहे, त्याला कारण आहे. एका अपघाताच्या वेळी मी चुकीचा सल्ला दिला आणि त्याची किंमत आपल्याच एका सभासदाने मोजली. ती गोष्ट आधी सांगतो. नावे सांगत नाही. दोन्ही घरे आपलीच आहेत.

२०२२-२३ चा हंगाम, जानेवारी महिना. दिवस मावळून तासभर झाला असेल. अडीच एकर बागायत आणि दोन म्हशी असलेला, अडतीस वर्षांचा सभासद मोटारसायकलला दुधाची किटली अडकवून डेअरीकडे निघाला होता. ओढ्याच्या वळणावर उसाने भरलेली एक ट्रॉली उभी होती. तिचा आख मोडला होता, म्हणून ड्रायव्हर तिला तिथेच सोडून पुढची ट्रॉली घेऊन कारखान्यावर गेला होता. मागचा रिफ्लेक्टर चिखलाने भरलेला आणि वर वाढे लोंबलेले. खूण म्हणून रस्त्यावर चार दगड मांडलेले. समोरून येणाऱ्या गाडीच्या उजेडात डोळे दिपले आणि सभासद सरळ ट्रॉलीवर जाऊन आदळला. उजव्या मांडीचे हाड दोन ठिकाणी मोडले.

दुसऱ्या दिवशी देवळात बैठक बसली. ट्रॉलीचा मालकही आपला सभासद. ट्रॅक्टर बँकेच्या कर्जावर घेतलेला. तो म्हणाला, "केस झाली तर पोलीस ट्रॅक्टर लावून ठेवतील. हंगाम चालू आहे. मी हप्ता कुठनं भरू?" त्या बैठकीत मीही होतो. खरे सांगायचे तर त्या आठवड्यात वाहने कमी आणि तोडलेला ऊस फडात वाळत पडलेला, अशी माझी अवस्था होती. एक ट्रॅक्टर बंद पडणे मलाच परवडणारे नव्हते. मी जखमीच्या भावाला म्हणालो, "दोघंही आपलेच आहेत. केस केली तर दोन घरं कायमची तुटतील. आपसात मिटवा." पंचवीस हजार रुपये ठरले. पुढे लागले तर बघू, असेही ठरले. मालक माणूस सज्जन. त्याच संध्याकाळी पैसे घरपोच केले.

त्याआधीच दवाखान्यात डॉक्टरांनी कसे लागले म्हणून विचारले होते. पोलिसांचे लफडे नको म्हणून भावाने सांगितले, "गाडीवरून घसरून पडला." डॉक्टरांनी तसे लिहून घेतले.

पावसाळ्यात पायात पू झाला. रॉड काढावा लागला, पुन्हा टाकावा लागला. तीन ऑपरेशने झाली आणि खर्च तीन लाखांच्या वर गेला. मालकाने आणखी दहा हजार दिले आणि हात टेकले. एके दिवशी तोच मला म्हणाला, "साहेब, माझ्या ट्रॅक्टरचा आणि ट्रॉलीचा विमा होता की. दरवर्षी हप्ता भरतोय." तोवर ही गोष्ट आमच्यापैकी कोणाच्याही डोक्यात आली नव्हती. आम्ही तालुक्याला वकिलांकडे गेलो. त्यांनी कागद पाहिले. अपघाताला सहा महिने उलटून गेलेले. फिर्याद नाही, पंचनामा नाही. दवाखान्याच्या कागदावर "घसरून पडला" अशी नोंद. वकील म्हणाले, "कागद सांगतो की तुमचा माणूस आपोआप पडला. मग विमा कंपनीनं पैसे कशासाठी द्यायचे?" आणि त्यांनी फाईल परत दिली.

आज त्या सभासदाचा पाय दीड इंच आखूड आहे. उकिडवे बसता येत नाही, म्हणून धार काढता येत नाही. म्हशी विकल्या. रात्रीच्या पाण्याची पाळी मजूर लावून धरावी लागते. आणि जी दोन घरे तुटू नयेत म्हणून आम्ही बैठक घेतली, ती तुटलीच. एका भावकीतली माणसे आज एकमेकांच्या लग्नाला जात नाहीत.

त्यानंतर मी वकिलांना भेटून, न्यायालयात बसून या विषयाची माहिती करून घेतली. ती आपणापुढे ठेवतो.

दावा म्हणजे वैर नव्हे

मोटार वाहन कायदा, १९८८ अन्वये रस्त्यावर येणाऱ्या प्रत्येक मोटार वाहनाचा निदान तिऱ्हाइताच्या नुकसानीचा विमा असणे सक्तीचे आहे. आपल्या वाहनामुळे दुसऱ्याला इजा झाली तर मालकाच्या वतीने कंपनीने भरपाई द्यावी, एवढ्यासाठीच तो हप्ता असतो. जखमी माणूस मोटार अपघात दावा न्यायाधिकरणाकडे अर्ज करतो, ज्याला आपण बोलताना "क्लेम टाकणे" म्हणतो. त्यात मालकाचे आणि ड्रायव्हरचे नाव घालावेच लागते. पण कागद नीट असतील तर पैसे कंपनी भरते, मालकाची जमीन जात नाही. म्हणजे दावा करणारा शेजाऱ्याच्या खिशात हात घालत नाही. शेजाऱ्याने वर्षानुवर्षे भरलेल्या हप्त्याचे चीज करतो.

एक गोष्ट झाकून ठेवत नाही. फिर्याद झाल्यावर निष्काळजीपणाबद्दल ड्रायव्हरवर गुन्हा नोंद होतो आणि वाहनाची तपासणी होते. मात्र कागदपत्रे पूर्ण असतील तर तपासणीनंतर हमी देऊन वाहन सोडवून आणता येते. विमा नसलेले वाहन सहजासहजी सुटत नाही. म्हणजे त्या दिवशी देवळात जी भीती घातली गेली, ती निम्मी खरी आणि निम्मी अज्ञानाची होती.

पहिल्या दोन दिवसांत काय करावे

१. आधी जीव. १०८ वर रुग्णवाहिका किंवा ११२ वर पोलीस मदत मागवावी. २०२५ साली केंद्र शासनाने रस्ते अपघातातील जखमींसाठी विनारोकड उपचाराची योजना सुरू केली. तीत नेमून दिलेल्या रुग्णालयांत अपघातापासून सात दिवसांपर्यंत, दीड लाख रुपयांपर्यंतचा उपचार मिळतो. जखमीला दवाखान्यात पोचवणाऱ्याला साक्षीसाठी अडकवून ठेवता येत नाही. त्याला कायद्याने संरक्षण दिले आहे. तेव्हा बघ्यांनी मागे सरू नये.

२. डॉक्टरांना खरे सांगावे. कोणत्या वाहनाने, कोठे, किती वाजता, हे केसपेपरवर लिहून घ्यावे. आमच्या सभासदाचा दावा त्या एका वाक्याने बुडाला, हे विसरू नये.

३. पोलीस ठाण्यात फिर्याद द्यावी आणि जागेचा पंचनामा करून घ्यावा. वाहनाचा नंबर, ड्रायव्हरचे नाव, विमा पॉलिसी आणि शक्य असल्यास जागेचा फोटो घ्यावा. १ एप्रिल २०२२ पासून लागू असलेल्या नियमांप्रमाणे पोलिसांनी पहिला अपघात अहवाल ४८ तासांत न्यायाधिकरणाकडे आणि विमा कंपनीकडे पाठवायचा आहे.

४. औषधाची प्रत्येक पावती, एक्स-रे आणि डिस्चार्ज कार्ड एका पिशवीत ठेवावे. पुढे अपंगत्वाचा दाखला घ्यावा.

५. अर्ज अपघातापासून सहा महिन्यांच्या आत करावा. ही मुदतही १ एप्रिल २०२२ पासूनच लागू झाली. तिला सर्वोच्च न्यायालयात आव्हान दिले गेले आहे, परंतु त्या भरवशावर कोणीही थांबू नये. अर्ज अपघाताच्या जागी, मालकाच्या गावी किंवा आपण राहतो तेथील न्यायाधिकरणात करता येतो. परजिल्ह्यात अपघात झाला म्हणून हेलपाटे घालण्याचे कारण नाही. वकिलाची ऐपत नसेल तर तालुक्याच्या न्यायालयातील विधी सेवा समितीकडे जावे. स्त्रिया, अनुसूचित जाती-जमातीचे लोक आणि अपंग व्यक्ती यांना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो.

रक्कम कशी ठरते

पुष्कळांना वाटते की भरपाई म्हणजे दवाखान्याचे बिल. तसे नाही. बिल हा एक भाग झाला. मोठा भाग असतो तो पुढच्या आयुष्यातील बुडालेल्या कमाईचा. त्याशिवाय वेदना, देखभाल करणाऱ्या माणसाचा खर्च, पुढील ऑपरेशन, गाडीभाडे हेही धरतात.

येथे एक महत्त्वाची बाब ध्यानात घ्यावी. अपंगत्वाचा दाखला शरीराचा टक्का सांगतो, पण भरपाई कमाईच्या टक्क्यावर मिळते. सर्वोच्च न्यायालयाने राजकुमार विरुद्ध अजयकुमार या २०१० च्या निकालात हे उदाहरण देऊन समजावले आहे. डावा हात गमावलेला कारकून नोकरीत राहू शकेल, पण ड्रायव्हर किंवा सुतार असेल तर त्याचा धंदाच संपेल. दुखापत एकच, नुकसान वेगळे. तेव्हा आपण काय काम करत होतो आणि त्यातले काय आता जमत नाही, हे न्यायाधिकरणापुढे स्पष्ट मांडावे लागते.

आता हिशेब पाहू. समजा, अडतीस वर्षांच्या माणसाची महिन्याची कमाई १५,००० रुपये धरली गेली आणि कमाईची कुवत तीस टक्क्यांनी घटली असे ठरले. वर्षाचे झाले १,८०,००० रुपये. स्वतःचा धंदा करणारा आणि चाळिशीच्या आतला असेल तर पुढील वाढीपोटी चाळीस टक्के मिळवतात. हे प्रमाण २०१७ च्या प्रणय सेठी निकालाने ठरले आणि ते जखमींनाही लागू आहे, हे २०२० च्या पप्पू देव यादव निकालाने स्पष्ट केले. म्हणजे २,५२,००० रुपये. त्याचे तीस टक्के ७५,६००. छत्तीस ते चाळीस वयासाठी गुणक पंधरा. हा तक्ता २००९ च्या सरला वर्मा निकालातला. ७५,६०० गुणिले १५, म्हणजे ११,३४,००० रुपये. दवाखान्याचा खर्च आणि वेदनेची भरपाई याहून वेगळी.

हा हिशेब मी वहीत मांडला तेव्हा हात थांबला. कारण अडतीस हे त्याचेच वय होते. आणि आम्ही पाच शहाण्या माणसांनी देवळात बसून त्याला पंचवीस हजार ठरवून दिले होते.

जखमीचीही काही चूक असेल, उदाहरणार्थ मोटारसायकलला दिवा नव्हता, तर त्या प्रमाणात रक्कम कापतात. पंचवीस टक्के चूक धरली तर ११,३४,००० चे ८,५०,५०० होतात. पण अंशतः चूक आहे म्हणून दावाच करू नये, असे नाही. चूक कोणाची यात न शिरता ठोक रक्कम मागण्याचीही सोय कायद्यात आहे. १ एप्रिल २०२२ पासून ती मृत्यूसाठी पाच लाख आणि गंभीर दुखापतीसाठी अडीच लाख रुपये आहे. कोणती वाट धरावी, हे वकिलांना विचारूनच ठरवावे.

"जमीन तर जागेवरच आहे ना?"

हा प्रश्न शेतकऱ्याच्या दाव्यात हटकून येतो. हरियाणा राज्य विरुद्ध जसबीर कौर या २००३ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने म्हटले आहे की शेतकरी गेला तरी जमीन वारसांकडे राहते. बुडते ती त्याची देखरेख, ज्यासाठी दुसरी माणसे ठेवावी लागतील. तेच तत्त्व जखमीच्या बाबतीत कंपनीचे वकील पुढे करतात. ते म्हणतात, "ऊस मागल्या वर्षाइतकाच कारखान्याला गेला. मग नुकसान कसले?"

याचे उत्तर कागदाने द्यावे लागते. टनेज तेच राहिले, पण पूर्वी बांधणी, पाणी, भर घरच्या माणसाने केली आणि आता मजुरी द्यावी लागली, हे दाखवता आले पाहिजे. म्हणून मजुरीच्या नोंदी साध्या वहीत का होईना, तारखेसह ठेवाव्यात. दुधाची डेअरीची पावती, बैलजोडीचे किंवा ट्रॅक्टरचे भाडे, दुसऱ्याच्या शेतातील रोजगार ही शेताबाहेरची कमाईही पुराव्यानिशी मांडावी. सात-बारा, आठ-अ बरोबर जोडावेत.

या कामी कारखाना उपयोगी पडतो. आपली ऊस नोंद, तोडणीच्या तारखा, टनेज आणि प्रत्येक हप्त्याचे ऊस बिल शेतकी खात्याच्या दप्तरी असते. सभासदाने लेखी अर्ज केल्यास मागील हंगामांचा उतारा गट कार्यालयातून घ्यावा. हा उतारा न्यायाधिकरणापुढे उत्पन्नाचा चांगला आधार ठरतो. साक्षीला बोलावणे आले तर मी स्वतः दप्तर घेऊन जाईन.

वाहनमालक सभासदांस

आपण आपल्या भावाला भरपाई मिळवून देऊ शकता, पण कागद बरोबर असतील तरच. पुढील गोष्टी वाहतूक करार करण्यापूर्वी तपासाव्यात.

ट्रॅक्टरचा विमा आहे म्हणजे ट्रॉलीचा झाला, असे समजू नये. प्रत्येक ट्रॉलीची नोंदणी आणि विमा असावा आणि पॉलिसीत तिचा उल्लेख असावा. ट्रॅक्टर केवळ शेतीकामासाठी म्हणून विमा उतरवला असेल आणि तो भाड्याने दुसऱ्याचा ऊस ओढत असेल, तर कंपनी हरकत घेते. तेव्हा एजंटाला कामाचे खरे स्वरूप सांगून तसाच विमा घ्यावा. ड्रायव्हरचा परवाना चालू असावा. हलक्या वाहनाच्या परवान्यावर ७,५०० किलोपर्यंतचे वाहतूक वाहन चालवता येते, असा निर्वाळा सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने नोव्हेंबर २०२४ मध्ये दिला आहे. पण मुदत संपलेला परवाना किंवा बिनपरवान्याचा पोरगा याला त्याचा उपयोग नाही. अशा वेळी न्यायाधिकरण कंपनीला पैसे भरायला लावून मालकाकडून वसूल करण्याची मुभा देऊ शकते. मग मात्र जमिनीवर खरोखरच गदा येते.

उसाच्या मोळ्यांवर, मडगार्डवर, जोडाच्या दांड्यावर माणसे बसवू नयेत. मालवाहू वाहनातून फुकट प्रवास करणाऱ्याचा भार सक्तीच्या विम्यात येत नाही. टोळीतल्या बाया आणि लेकरे फडावरून कोपीवर जाताना अशीच बसलेली दिसतात. गाडी पलटी झाली तर त्यांना कोण देणार, याचा विचार मालकाने आणि मुकादमाने दोघांनी करावा.

आणि उभी ट्रॉली. मागे लाल, पुढे पांढरा रिफ्लेक्टर, तोही रोज फडक्याने पुसलेला. ट्रॉली मोडली तर शक्य तेवढी रस्त्याच्या खाली घ्यावी, मागे दूरवर दिवा किंवा चमकणारा त्रिकोण ठेवावा, माणूस थांबवावा. दगड मांडू नयेत. ट्रॉली गेल्यावर तेच दगड दुसऱ्याचा घात करतात. बैलगाडी मोटार वाहनात मोडत नाही, तिला असा विमा नसतो. म्हणून टायरगाडीच्या साट्यालाही मागे रिफ्लेक्टर हवाच. ट्रकने गाडीवानाला उडवले, तर गाडीवान मात्र ट्रकवर दावा करू शकतो.

वाहन पळून गेले तर

धडक देऊन पळालेल्या वाहनाचा पत्ता लागला नाही तरी वाट बंद होत नाही. १ एप्रिल २०२२ पासून अशा अपघातात मृत्यूबद्दल दोन लाख आणि गंभीर दुखापतीबद्दल पन्नास हजार रुपये मिळतात. अर्ज प्रांत किंवा तहसीलदार कार्यालयात करावा. यासाठीही फिर्याद आणि दवाखान्याचा खरा कागद लागतोच.

याखेरीज राज्य शासनाची गोपीनाथ मुंडे शेतकरी अपघात सुरक्षा सानुग्रह अनुदान योजना २०२३ पासून चालू आहे. खातेदार शेतकरी किंवा त्याच्या कुटुंबातील एक व्यक्ती, वय १० ते ७५, हिला अपघाती मृत्यू किंवा दोन अवयव गमावल्यास दोन लाख, एक अवयव किंवा एक डोळा गमावल्यास एक लाख रुपये मिळतात. अर्ज तीस दिवसांच्या आत तालुका कृषी अधिकाऱ्यांकडे द्यावा. मुदत लहान आहे. घरात दुःख असताना कागदाचे सुचत नाही, म्हणून शेजाऱ्याने ही आठवण करून द्यावी.

शेवटी एकच सांगतो. गेल्या महिन्यात त्या सभासदाच्या शेतावर खोडवा पाहायला गेलो होतो. त्याची आई बांधावर बसली होती. मी म्हणालो, "मावशी, माझ्यामुळं झालं हे." ती म्हणाली, "तुमी वाईट चितलं न्हवतं, साहेब. पर आमाला कुनी सांगितलंच न्हाई." आपल्या कार्यक्षेत्रातल्या दुसऱ्या कोणत्याही माउलीवर असे म्हणण्याची वेळ येऊ नये. म्हणून हा अंक वाचून रद्दीत टाकू नका. ट्रॅक्टरच्या पॉलिसीशेजारी ठेवा. आणि देवळात बैठक बसलीच, तर तिथे पहिला प्रश्न हा विचारा : "दवाखान्यात खरं लिहिलं का? आणि फिर्याद दिली का?"

हंगाम सर्वांना सुखरूप जावो.

आपला नम्र,
ऊस विकास अधिकारी